दिगंबरच्या नावाची टाकी

दिग्या, अण्णा तुझ्या मातीला आला होता. नुसता आला नाही, रडला. डोळ्याला रुमाल लावून, खांदे हलवून रडला. सगळं भीमनगर बघत होतं आणि मी दातओठ खात उभा होतो. ज्या माणसाला तू गावच्या पैशापायी हायकोर्टापर्यंत ओढत नेलंस, तोच तुझ्या सरणावर लाकूड ठेवायला सगळ्यांच्या पुढं. मला वाटलं, आता तू उठून बसशील आणि म्हणशील, "अण्णा, रडायचं नंतर, आधी टाकी कुठं हाय ते सांगा." नाही उठलास. तेव्हा कुठं मला पटलं, तू खरंच गेलास.

तुमच्यात आत्मा-बित्मा मानत नाहीत, हे तू मला शंभरदा ऐकवलंस. मग आता मी कुणाशी बोलतोय, हे तू विचारणारच. कुणाशी का असेना. जिवंत असताना तू माझं कधी धड ऐकून घेतलं नाहीस. वाक्य अर्ध्यात आलं की "थांब चांद्या, मुद्द्यावर ये" म्हणायचास. आता मी मुद्द्यावर माझ्या सवडीनं येणार आहे. गप ऐक.

लोक म्हणतात आपली दोस्ती शाळेपासूनची. शाळेत तू मला बडवायचास, दोस्ती कसली! दोस्ती झाली ती तू एसटीत कंडक्टर लागल्यावर. तू निलंगा-औसा गाडीवर, आणि मी अब्बांच्या दुकानात दगड कोरायला नुकता बसलेला. पहिल्याच फेरीला मी ऐटीत पुढच्या सीटवर बसलो आणि शेजारच्याला सांगितलं, कंडक्टर आपला दोस्त हाय. तू तिकिटाचा चिमटा वाजवत आलास आणि विचारलंस, "औसा का?" मी हसलो. तू हसला नाहीस. "पैसे काढ, न्हाईतर घंटी मारतो." भर गाडीत! त्या दिवसापासून तू रिटायर होईपर्यंत माझ्याकडून तिकीट घेतलंस, माझ्या वरातीकडूनसुद्धा घेतलंस. एकदाच काय ते वेगळं झालं. अम्मीला लातूरच्या दवाखान्यात नेलं होतं, निरोप आला, आणि मी रडत रडत गाडीत चढलो, खिशात दमडी नाही. तू तिकीट फाडून माझ्या मुठीत दिलंस आणि स्वतःच्या खिशातले पैसे चामड्याच्या बॅगेत टाकलेस. मग शेवटपर्यंत माझ्या सीटजवळ उभा राहिलास. त्या तिकिटाचे पैसे तू कधी मागितले नाहीस आणि मीही दिले नाहीत.

रिटायर झालास आणि माझ्या मागं लागलास. निलंग्याच्या स्टँडमागं माझं दुकान, तिथं रोज सकाळी चहाला हजर. तालुक्यातल्या निम्म्या कोनशिला माझ्या हातच्या. इमारतीच्या भिंतीत बसवायचा तो दगड, त्यावर कुणाच्या शुभहस्ते, कुणाच्या उपस्थितीत, कुणाच्या प्रयत्नातून, सगळी नावं. ते काम नसलं की कबरीचे दगड. तू चहा पीत माझे दगड वाचायचास. "सभामंडप? हा कुठं बांधलाय रे?"

"मला काय ठाऊक? मी कोरतो, बांधत न्हाई."

झालं, तुझ्या डोक्यात भुंगा शिरला. एसटीच्या पासवर बसून तू ते सभामंडप बघायला जायला लागलास. कुठं मंडप असायचा, कुठं नुसते खड्डे, कुठं माझा दगड उभा आणि मागं बाभळी. संध्याकाळी येऊन माझ्यावर डाफरायचास. "चांद्या, निम्मं पाप तुझं हाय." मी म्हणायचो, मग कबरीचे दगड कोरतो म्हणून माणसंही मीच मारतो का? तू हसायचास, पण दुसऱ्या दिवशी परत गाडी धरायचास. तुझी ती फुकटची वणवण बघून मला तुझी दया यायची. गावोगावचं पाहून झालं आणि मग तू आपल्याच गावाची माहिती मागवलीस. तिथं सगळं सुरू झालं.

कागद आले त्या सकाळी तू चहा घेतला नाहीस. भीमनगरात पाण्याची टाकी बांधून पूर्ण, असं लिहिलेलं. वित्त आयोगाच्या निधीतून बिल दिलेलं. पूर्णत्वाचा दाखला ग्रामसेवकाच्या सहीचा, आणि सरपंचाची सही अण्णाच्या बायकोची, कारण कागदावर सरपंच ती आणि कारभार अण्णाचा. वर टाकीचा फोटोसुद्धा लावलेला. फोटोत टाकीमागं नारळाची झाडं. "आपल्या गावात नारळ फक्त फोडायला येतो," तू म्हणालास आणि पोट धरून हसलास. हसता हसता तुझे डोळे भरले, कारण त्या वर्षी पाऊस दडी मारून बसला होता आणि कलावतीवैनी भर उन्हात खंडूच्या मळ्यातून घागरी आणत होत्या.

मग तुझे अर्ज. तालुक्याला अर्ज, लातूरला अर्ज, वर अर्ज. कुणी ढुंकून बघितलं नाही तेव्हा तू औरंगाबादची गाडी धरलीस. खंडपीठानं सांगितलं, या ग्रामपंचायतीच्या पैशाची चौकशी करा आणि अहवाल द्या. तू तो हुकूम माझ्या दुकानात उभं राहून वाचून दाखवलास, अगदी थांबे पुकारावेत तसा. मी पेढे आणले. पहिला चौकशी अधिकारी आला, अण्णाच्या मळ्यात कोंबडी जेवला, आणि पंचनाम्यावर सही करायला पंच मिळत नाहीत असं लिहून गेला. खरंच मिळाले नाहीत. गावातला एक माणूस पुढं आला नाही, तुझ्या वस्तीतलासुद्धा नाही.

का आला नाही, ते मी विसरणार नाही दिग्या. तू विसरलास, तुझा स्वभाव तसा. अण्णानं टँकर तोडला. गावाला टँकर यायचा तो वरच्या विहिरीत रिकामा व्हायचा आणि भीमनगरला यायच्या आत "संपलं पाणी." वस्तीनं विचारलं तर अण्णाची माणसं सांगायची, "दिगंबररावाला विचारा. त्यांनी कोर्टात घातलंय ना, कोर्टाचं पाणी प्या." आणि वस्ती तुझ्यावर उठली. ज्या बायकांसाठी तू भांडत होतास त्या तुझ्या दारावरून जाताना तोंड फिरवायच्या. तुझ्या चुलतभावानं तुला विहारात सगळ्यांसमोर विचारलं, "तुझ्या हौसेपायी आमची लेकरं तहानेनं मारायची का?" दुसऱ्या दिवशी स्वतः सायकलला घागरी बांधून पाणी आणायला लागलास, स्वतःच्या घराला आणि त्या चुलतभावाच्याही घराला. त्या उन्हात, त्या वयात, छातीत दुखत असताना. डॉक्टर काहीही म्हणोत, माझ्या हिशेबी तुला अण्णानं मारलं.

तेवढ्यात कोर्टानं पुन्हा कान उपटले आणि जिल्ह्याहून दुसरा अधिकारी नेमायला लावला. तारीख कळायची होती आणि तू आडवा झालास. तुझी लेक मित्रा तुला बिलोलीला घेऊन गेली, तिची नर्सची नोकरी तिथं म्हणून. मी उदगीर, देगलूर गाड्या बदलत भेटायला आलो. पत्र्याच्या पडवीत खाटेवर बसला होतास, निम्मा झालेला. तिथंही आपण भांडलोच. मी म्हणालो, अण्णाच्या हातात बेड्या पडलेल्या बघायच्यात मला. तू म्हणालास, "मला नको त्याच्या बेड्या. मला वस्तीत पाणी पाहिजे. टाकी झाली, नळाला पाणी आलं, की सोडून द्यायचं चांद्या. त्याच्या बी घरात लेकरं हायत."

मी तडकलो. "सोडून द्यायचं? तुझ्या बायकोच्या डोक्यावरचे केस गेले घागरींनी, तुझी माणसं तुझ्यावर थुंकली, आणि सोडून द्यायचं?"

"सूड घेऊन पाणी येत न्हाई," तू म्हणालास. मित्रा ड्यूटीवर होती, वैनी आत झोपल्या होत्या, त्यामुळं हे फक्त मी ऐकलं. मी चिडून उठलो आणि चार वाजताची गाडी धरली. वाटलं, बरा झाला की पुढचं भांडू. पुढचं भांडण राहिलं. आठवड्याच्या आत मित्राचा फोन आला.

तर आता अण्णाचं ऐक. तुझ्या पुण्यानुमोदनाला भन्तेजींचं झाल्यावर अण्णा माईक घेऊन उभा राहिला. "दिगंबरराव आमचे विरोधक न्हवते, मार्गदर्शक होते," म्हणाला. "भीमनगरच्या जलकुंभाला त्यांचं नाव देतो." टाळ्या पडल्या! तुझ्याशी अबोला धरलेली माणसं टाळ्या वाजवत होती, तुझा चुलतभाऊ डोळे पुसत होता, आणि वैनी, दिग्या, वैनींनी अण्णाला हात जोडले. मला तिथंच ओरडावंसं वाटलं. मयताच्या घरी तमाशा नको म्हणून गिळलं. अरे, चौकशीचा साहेब येण्याआधी कागदावरची टाकी जमिनीवर आणायची होती त्याला! आणि तिच्यावर तुझं नाव टाकलं की टाकीविरुद्ध बोलणार कोण? ज्यानं ओरड केली त्याचंच तोंड त्यानं सिमेंटनं बंद केलं, ते पण तुझ्याच बायकोच्या आशीर्वादानं. तुझ्यापेक्षा हुशार होता रे तो. मान्य कर.

दुसऱ्या दिवशी जेसीबी आला. इतकी वर्षं न झालेली टाकी बघता बघता उभी राहायला लागली. पण सिमेंटला पाणी लागतं. लातूरला रेल्वेनं पाणी आणत होते ते दिवस, माणसं नळाशी मारामाऱ्या करत होती, आणि इथं भीमनगरचा पिण्याचा टँकर अण्णा टाकीच्या भिंतींवर ओतत होता. गोणपाटं भिजवून भिंतींना गुंडाळलेली, वरून पाइपानं पाणी, आणि बायका बाजूला रिकाम्या घागरी घेऊन उभ्या. मी वैनींना विचारलं, हे चालतं तुम्हाला? त्या म्हणाल्या, "मित्राच्या बाबांच्या नावाची हाय चांदभाऊ. थोडे दिवस कळ काढतो." खरं सांगितलं असतं तर बाईचा तेवढा एक आनंद गेला असता.

आणि मग एक दिवस अण्णा स्वतः माझ्या दुकानात! पांढऱ्या गाडीतून उतरला, खुर्ची ओढून बसला. "चांदभाई, झकास दगड करून द्या. काळा ग्रॅनाईट. मंत्रीसायेब येणार हायत लोकार्पणाला. नव्या जिल्ह्याचं बी तिथंच जाहीर करणार हायत, पेपरात येईल." नवा जिल्हा होणार, नवा जिल्हा होणार, अशी हूल उठली होती तेव्हा, आणि जो तो पुढारी पाण्याचं विचारलं की जिल्ह्याचं सांगायचा. अण्णानं मजकूर सांगितला. वर तुझं नाव, त्याखाली साहेबांचं, खाली स्वतःचं आणि बायकोचं. "निधी कोणता ते बी टाका," तो म्हणाला, "वित्त आयोगाचा. सायबाला कळू द्या, आमी आलेला पैसा वापरतो."

मी मान खाली घालून एवढंच विचारलं, "आणि तारीख?"

"लोकार्पणाची टाका की. ठळक टाका."

अल्लाची शपथ दिग्या, मी एक अक्षर पदरचं घातलं नाही. टाकी कागदावर कधीच पूर्ण झालेली, तिचं बिल कधीच उचललेलं, आणि तिच्या कपाळावर आता हा माणूस स्वतःच्या तोंडानं यंदाच्या उन्हाळ्याची तारीख कोरायला सांगतोय, त्याच निधीच्या नावासकट. तू म्हणशील, त्याला कळलं कसं नाही? अरे, आयुष्य गेलं माझं यांच्यासाठी दगड कोरण्यात. दगड न्यायला येतात तेव्हा आधी आपलं नाव बघतात. मग आपल्या वर कुणाचं हाय ते बघतात आणि त्यावरून भांडतात. तारीख कुणी वाचत नाही. अण्णानंही तेच केलं. साहेबांपेक्षा आपलं अक्षर बारीक का, म्हणून कुरकुरला आणि दगड गाडीत घालून घेऊन गेला.

तुझं नाव कोरताना मी दोनदा मशीन बंद केली, हे सांगतो. दोस्ताचं नाव दगडावर घालायची वेळ येईल असं वाटलं नव्हतं, तेही असल्या दगडावर. तारखेला मात्र थांबलो नाही. मशीन बाजूला ठेवली आणि छिन्नी-हातोडी घेतली. एकेक आकडा इतका खोल घातला की घासून जाणार नाही. गुणगुणत होतो मी. एवढ्या वर्षांत कुठल्याही कामात एवढी मजा आली नव्हती, आणि मजुरीही पुरेपूर घेतली.

लोकार्पण दणक्यात झालं. फ्लेक्स लागले, त्यावर तुझा फोटो, कुणाच्या तरी लग्नातला, फेटा बांधलेला. साहेब आले, दोन तास उशिरा. नव्या जिल्ह्यात भीमनगरचं भाग्य कसं उजळणार ते सांगितलं आणि नळ फिरवला. धार आली. सकाळीच एक टँकर आत ओतून ठेवला होता, सभा उठेपर्यंत तो संपला. पण पेपरात दगडासकट फोटो आला, आणि तोच अण्णाला भोवला. लातूरच्या त्याच्या वकिलानं तो फोटो बघितला. फोनवर काय बोलला मला माहीत नाही, पण त्या दुपारी अण्णाची दोन माणसं पहार घेऊन टाकीकडं पळाली. चौकशीचा साहेब परवावर आला होता.

आणि तिथं वैनी बसल्या होत्या. सहज, सावलीला. तुझ्या नावाखाली. "काय करायलाव?" त्यांनी विचारलं.

"दगड काढायचाय. दुसरा मोठा बसवायचाय."

"ह्या दगडाला काय झालं?" वैनी उठल्या आणि पाठ लावून उभ्या राहिल्या. "मित्राच्या बाबांचं नाव हाय त्यावर. हात लावून बघा."

हाकाटी झाली. वस्तीतल्या बाया आल्या, तुझा चुलतभाऊ आला, पोरं आली. तुझ्या नावावर पहार चालवायला अण्णाची माणसं आलीत, एवढंच त्यांना कळलं, आणि तेवढं पुरलं. अण्णा धावत आला. हात जोडले, मोठा दगड देतो म्हणाला, संगमरवरी देतो म्हणाला. "हाच चांगला हाय," बाया म्हणाल्या. आता त्यात ॲट्रॉसिटीचं कलम लागेल म्हणून पहार परत गेली. बघ कसं अडकलं ते! वस्तीनं गप बसावं म्हणून त्यानं तुझं नाव टाकलं, आणि तुझ्या नावामुळं त्याला स्वतःचा दगड हलवता येईना.

संध्याकाळी तो माझ्याकडं आला. गाडी लांब उभी केलेली. "चांदभाई, गावात येऊन तेवढी तारीख घासून द्या. काय लागंल ते सांगा."

"घासतो की," मी म्हणालो. "दगड दुकानात आणून द्या, लगेच घासतो."

त्यानं माझ्याकडं बघितलं. तेव्हा त्याला कळलं, मी तारीख कशाला विचारली होती ते. "तुमचं काय वाकडं केलं होतं मी?" त्यानं विचारलं. मी म्हणालो, "सायकलला घागरी बांधून दोस्त जात होता माझा, तुम्ही गाडीतून बघत होता." तो गेला, आणि मी दुकानाला कुलूप लावून तडक वैनींकडं गेलो. सगळं सांगितलं. टाकी का बांधली, नाव का दिलं, तारीख काय सांगते. "म्हणजे मी हात जोडले त्याला," एवढंच म्हणाल्या. माझ्यावर चिडल्या नाहीत. चिडल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

चौकशीला साहेब नाही, बाई अधिकारी आल्या. अण्णानं मळ्यात जेवणाचं सांगितलं, त्यांनी डबा आणलाय म्हणून सांगितलं. टाकीपाशी आल्या आणि ग्रामसेवकाला विचारलं, "अर्जदार कोण?"

"मयत हायत मॅडम," ग्रामसेवक घाईनं म्हणाला. "त्यामुळं तसं प्रकरण आता—"

"माणूस मयत हाय," वैनी गर्दीतून म्हणाल्या. "अर्ज जिता हाय. मी त्यांची बायको, मला विचारा."

बाईंनी दगड वाचला. मोठ्यानं वाचला, तुझ्या नावापासून तारखेपर्यंत. मग हातातल्या फायलीतला पूर्णत्वाचा दाखला काढून परत वाचला. मग नारळाच्या झाडांचा फोटो काढला आणि मान वर करून आजूबाजूला बघितलं. कुणीतरी फिसकन हसलं. "हे काम नक्की कधी झालं?" त्यांनी अण्णाला विचारलं. अण्णाच्या तोंडाला कोरड पडली होती दिग्या. मी अगदी समोर जाऊन उभा राहिलो, नीट दिसावं म्हणून. त्याच्या कानामागून घाम उतरत होता तोसुद्धा मला दिसत होता. देवाघरी हिशेब द्यावा लागला तरी ती दुपार मी कुणाला परत देणार नाही. पंच कोण होणार म्हटल्यावर मी हात वर केला, आणि माझ्यामागून तुझ्या चुलतभावानं केला, आणि बाया अंगठ्याला शाई लावून घ्यायला रांगेत उभ्या राहिल्या. दगड पुरावा आहे, कुणी हात लावायचा नाही, असं बाईंनी लिहून घेतलं. भीमनगरचा टँकर याच टाकीत रिकामा करायचा, असंही बजावलं.

तेव्हापासून तुमच्या वस्तीत टाकीच्या नळाला पाणी आहे. रोज सकाळी. वैनींची घागर आता दारापासून टाकीपर्यंत जाते आणि परत येते. तुला हवं होतं ते झालं.

आणि तिथंच माझी पंचाईत झाली. अहवाल अण्णाच्या विरुद्ध गेला, गुन्हा दाखल करायचा हुकूम निघाला, आणि अण्णानं गावातली चार वजनदार माणसं वैनींकडं धाडली. टाकी तर झाली, पाणी आलं, आता माणसाला आयुष्यातून उठवून काय मिळणार? आमची तक्रार उरली नाही, एवढं लिहून द्या. अण्णाची लेक बाळंतपणाला आलीय, घरात सुतक असल्यासारखं झालंय. वैनी ऐकून घेतात, तुला ठाऊक आहे. काल सकाळी त्या गाडीनं निलंग्याला आल्या, माझ्या दुकानात, तुझ्या खुर्चीवर बसल्या. चहा सांगितला तर नको म्हणाल्या.

"चांदभाऊ," त्या म्हणाल्या, "मला काय सुचंना. पाणी बी आलंय. त्या घरात बी लेकरं हायत. तुमी बिलोलीला गेला होता, मी झोपले होते. मित्राचे बाबा काय बोलले का तुमच्याशी? ते म्हणले असतील तसं करते. सोडा म्हणले तर सोडते."

त्या माझ्या तोंडाकडं बघत राहिल्या. तुझा निरोप माझ्याकडं होता, शब्द न शब्द. जगात दुसऱ्या कुणाकडं नव्हता.

"बोलला की," मी म्हणालो. "म्हणाला, काही झालं तरी अण्णाला सोडू नका. पाणी आलं तरी सोडू नका."

वैनींनी डोळे मिटले. मग पदर खोचून उठल्या. "मग झालं," म्हणाल्या. "ते म्हणले म्हणजे झालं." आणि स्टँडकडं निघाल्या, चार वजनदार माणसांना नाही म्हणायला.

सगळं आयुष्य जो खऱ्याला धरून राहिला त्याच्या तोंडात मी खोटं घातलं. तुला राग आला असेल तर येऊ दे. तू मोठ्या मनाचा होतास, मी नाही, आणि तुझ्याशिवाय मला तसं व्हायचंही नाही. सोमवारी अण्णाच्या अटकपूर्व जामिनाची तारीख आहे. मी वैनींना घेऊन लातूरला जातोय, आणि तो आत येईल तेव्हा त्याला पहिला मी दिसणार आहे.